कोळ्यांच्या गावातली भिंत

कीलुंग बंदरामागच्या गल्लीत माझं संगणक दुरुस्तीचं दुकान आहे. फुकटात पसरलेले चोरीचे गेम गिऱ्हाइकांच्या संगणकात टाकायची मला कधी लाज वाटली नाही. टाकण्याआधी अँटिव्हायरस बंद करायचा, हा आम्हा सगळ्यांचाच शिरस्ता. तो उगाच बोंबलतो, असं मी छातीठोकपणे सांगायचो.

बायकोसाठीही असाच एक गेम उतरवला. थाओ मूळची व्हिएतनामची, दलालामार्फत माझ्याशी लग्न करून इथे आलेली. दुपारी दुकान रिकामं असलं की ती त्या गेममध्ये कोळ्यांचं गाव वसवत बसायची.

एके दुपारी त्या गावातल्या भिंतीवर अक्षरं उमटली: विकत आणलेल्या बायका परत पाठवा.

"बघा, तुमच्या लोकांना मी गेममध्येसुद्धा खपत नाही," थाओ हसली.

"कुणा टवाळानं घुसडलंय. थांब, उडवतो."

उडवलं. दुसऱ्या दिवशी पुन्हा: पिवळ्या जाकिटातली, तू कधी जाणार?

थाओच्या अंगात पिवळंच जाकीट होतं. कारण मला समजत होतं. कॅमेऱ्यातून कुणीतरी बघतंय. मी त्यावर चिकटपट्टी लावली, इंटरनेटची वायर उपटली.

त्यानंतर भिंतीवर एकच शब्द आला. कोय.

थाओनं माऊस सोडला.

"आई मला कोय म्हणायची. आमच्या भाषेत कोय म्हणजे खुरटलेली; लहानपणी किडकिडीत होते म्हणून. ती गेल्यावर कुणीच म्हटलं नाही."

"मला नाही कधी सांगितलंस."

"कुणालाच नाही."

मी डिस्क काढून हातोडीनं फोडली. मला भीती वाटत होती ती एकाच गोष्टीची, थाओ मला सोडून निघून जाईल याची.

मन रमावं म्हणून संध्याकाळी तिचा हात धरून बाजारात गेलो. माशाच्या गोळ्यांचं सूप विकणाऱ्या छ्यू काकूंचा तिच्यावर फार जीव. वाडगं पुढे करत त्या मायेनं म्हणाल्या, "खा गं, कोय. मग, कधी जाणार परत?"

"काकू, हे नाव तुम्हाला कुणी सांगितलं?" मी विचारलं.

"असं काय करतोस, आ-शेंग? काल जेवणाच्या वेळी तूच नाही का फोन केलास? सगळ्या गल्लीला केलास की. म्हणालास, तिला कोय म्हणून हाक मारा आणि रोज एवढं विचारत जा."

काल जेवताना थाओ माझ्यासमोर बसली होती. मी फोनला हातही लावला नव्हता, हे तिनं पाहिलं होतं.

तरी तिनं माझ्या हातातून आपला हात हळूच सोडवून घेतला.