लिटल टर्नची दवंडी

“अरे, पाणी! इथे तर पाणीच पाणी आहे!”

पुढे धावणारा निमिष मांडीपर्यंत पाण्यात शिरला आणि किंचाळत मागे फिरला. समुद्राचं पाणी बर्फासारखं गार होतं. त्याच्या मागून हातात बादली घेऊन आलेल्या उपासनाने कशीबशी धाव आवरली. सगळ्यात मागे निमिषची धाकटी बहीण इशिता होती. ती दगडावर बसून शांतपणे म्हणाली, “आय टोल्ड यू! रन करू नको म्हणून.”

“तू कधी सांगितलंस?”

“मनात!”

समोर लिटल टर्न दिसत होतं. इतकं जवळ, की तिथल्या दोरीवर वाळत घातलेले टॉवेलही ओळखू यावेत! पण मधे पाणी खळाळत होतं. ओहोटी पूर्ण झाली की या पाण्याखालून दगडगोट्यांची एक वाट वर येते आणि थोडा वेळ चालत पलीकडे जाता येतं, असं त्यांना सगळ्यांनी सांगितलं होतं. ती वाट पाहायलाच तर तिघं धावत आली होती!

“पण दुकानातल्या घड्याळाचा काटा ओहोटीवर होता,” उपासना म्हणाली. “मी स्वतः बघितला.”

“मग वाट कुठे गेली? लंचला?” निमिष पँट पिळत म्हणाला.

उपासना आणि निमिष दोघंही बारा वर्षांचे. मॅसॅच्युसेट्समधल्या श्रूजबरीला शेजारी शेजारी राहणारे. जुलैच्या सुट्टीत दोन्ही घरांनी मिळून मेन राज्याच्या किनाऱ्यावरच्या टर्न आयलंडवर एक लाकडी घर भाड्याने घेतलं होतं. उपासनाचे बाबा अनुप, निमिषची आई शैलजा, आणि जानेवारीत नागपूरहून आलेली उपासनाची कमला आजी, असे सगळे आले होते. बेट असं, की एका टोकाला शिंकलं तर दुसऱ्या टोकाला ऐकू जावं! एक धक्का, एक सभागृह, एक दुकान. दुकान होतं मिस्टर ड्रू यांचं. बेटाच्या टाउनचे प्रमुखही तेच. बेटावरची मंडळी आपला कारभार आपणच चालवत. सगळ्यांनी सभागृहात जमायचं, हात वर करायचे, मोजायचे आणि ठरवायचं. त्यांच्या टाउनमध्ये दोन बेटं येत. एक हे मोठं आणि दुसरं समोरचं लिटल टर्न.

मिस्टर ड्रूंच्या भिंतीवर एक चकचकीत पितळी घड्याळ होतं. त्याला एकच काटा. तो वेळ दाखवायचा नाही, भरती आणि ओहोटी दाखवायचा.

तिघांनी वाट बघायचं ठरवलं. खेकडे पकडून झाले, सँडविच खाऊन झालं, भांडूनही झालं. आणि मग, अगदी हळूच, पाण्यातून एक काळा गोटा वर आला. मग दुसरा. बघता बघता कासवाच्या पाठीसारखी लांबलचक वाट उघडी पडली!

“चला!”

शेवाळावरून घसरत, एकमेकांना धरत ती पलीकडे पोचली. पहिल्याच घराच्या दारात पिवळा रेनकोट घातलेली एक म्हातारी उभी होती.

“या, या! आज समुद्राने मला पाहुणे पाठवले वाटतं!”

ती होती इंग्रिड. मिसेस इंग्रिड सोल्बर्ग हे तिचं पूर्ण नाव, पण ती म्हणाली, “मला इंग्रिडच म्हणा.” आणि निमिषने लगेच तिची इंग्रिड आजी करून टाकली. तिने गरम वाफल्स पुढे ठेवले. इशिताने एक घास घेतला आणि डोळे विस्फारले. “वेलची! श्रीखंडासारखी!”

“माझे आजोबा नॉर्वेहून आले, तेव्हा हा वास बरोबर घेऊन आले,” इंग्रिड आजी हसली. “त्यांची नगरपालिका म्हणजे नुसती बेटं! कुठे चार घरं, कुठे एकच. मधे समुद्र, तोच त्यांचा रस्ता. सभेच्या दिवशी शेवटच्या बेटाची होडी येईपर्यंत अध्यक्ष खुर्चीत बसायचा नाही, असं आजोबा सांगायचे. इथेही त्यांनी तीच रीत पाडली. गोट्यांची वाट कोरडी झाली, की मगच सभेची घंटा! उद्याही सभा आहे. मी घंटेचीच वाट बघतेय.”

“कसली सभा?” उपासनाने विचारलं.

इंग्रिड आजीचं हसू जरा मावळलं. टपालाची बोट रोज सकाळी लिटल टर्नच्या धक्क्याला लागायची. पत्रं, किराणा, तिची हृदयाची औषधं, सगळं त्या बोटीतून यायचं. आता ती इथे थांबवायची की नाही, यावर उद्या हात वर होणार होते.

“बोट बंद झाली तर मुलगा मला पोर्टलंडच्या फ्लॅटमध्ये नेऊन ठेवणार. सातवा मजला! खिडकीतून पार्किंग दिसतं. पण आम्ही उद्या येऊन सांगू आमचं म्हणणं. लोक वाईट नाहीत. समोर माणूस दिसलं की त्यांचा हात वर जातो. आता पळा, पाणी परत येईल!”

परतताना तिघं थेट दुकानात घुसली.

“मिस्टर ड्रू, तुमचं ओहोटीचं घड्याळ चुकतंय!” निमिष धापा टाकत म्हणाला.

मिस्टर ड्रू एका हाताने आइस्क्रीम काढत होते आणि खांद्याला फोन दाबून धरत होते. स्वभावाने बरे, पण कायम घाईत. जुने प्रमुख हिवाळ्यात वारले आणि हे काम त्यांच्या अंगावर पडलं.

“चुकतंय? अरे पोरा, मार्चमध्ये मी स्वतः दुकानातलं एकूण एक घड्याळ लावलंय! पूर्वी वाट उघडली का, ते बघायला शाळेतल्या कुठल्यातरी पोराला पिटाळायचे. उद्या बघ, काटा ओहोटीवर आला की बरोबर घंटा!”

आणि ते पुढच्या गिऱ्हाइकाकडे वळले.

संध्याकाळी सगळे ओट्यावर बसले होते. कमला आजीने मनगट डोळ्यांजवळ नेलं. “नागपुरात पहाट झाली. तुझा आजोबा चहा मांडत असेल, अन् साखर शोधत असेल.”

“आई, दे ते घड्याळ,” बाबा हसत म्हणाले. “सहा महिने झाले, आता तरी इथली वेळ लावू.”

आजीने हात पाठीमागे लपवला. “खबरदार! मार्चातही असाच धावून आला होतास. घरातली सारी घड्याळं एक तास पुढं केलीस, ओव्हनचंसुद्धा! तुम्ही इथं काटा फिरवला म्हणून नागपूरचा सूर्य लवकर उगवते काय?”

उपासना ताडकन उठली. हातातलं मक्याचं कणीस खाली पडलं.

“मार्च! मिस्टर ड्रू पण मार्च म्हणाले! निमिष, त्यांनी सगळी घड्याळं पुढे केली. सगळी! ओहोटीचंसुद्धा!”

“मग? डेलाइट सेव्हिंगला, उन्हाळ्यासाठी सगळेच करतात ना?”

“अरे, पण समुद्राने कुठे केलंय? समुद्र आजीच्या घड्याळासारखा आहे! तो त्याच्याच वेळेने चालतो. म्हणून काटा ओहोटी म्हणतो, तेव्हा पाणी अजून उतरतच असतं!”

निमिषने कपाळावर हात मारला. “म्हणजे उद्या घंटा लवकर वाजणार!”

“अँड इंग्रिड आजी विल बी स्टक!” इशिता ओरडली.

बाबांना गंमत वाटली. “वा, डिटेक्टिव्ह! सकाळी जाऊन सांगा त्यांना. पण नीट, हं. आपण पाहुणे आहोत. दुसऱ्यांच्या गावात नाक खुपसायचं नाही.”

“अनुप बरोबर बोलतोय,” शैलजा मावशी म्हणाली. “ते मासेमारी करणारे लोक. त्यांना काय भरती-ओहोटी कळत नाही?”

कळत होती, सगळ्यांना कळत होती. पण जो तो धरून चालला होता, की दुसऱ्या कुणीतरी बघितलं असेल.

सकाळी दुकानाला कुलूप! मिस्टर ड्रू सभेसाठी खुर्च्या आणायला मुख्य किनाऱ्यावर गेले होते. तिघं बादलीत खेकडे जमवत धक्क्यावर खिळून बसली. दुपारी एकदाची बोट आली. पण मिस्टर ड्रू खुर्च्या उतरवताहेत, कुणाला हाका मारताहेत, ऐकायला सवड कुठे! “नंतर, मुलांनो, नंतर!” ते दुकानात डोकावले, काटा बघितला आणि सभागृहाकडे धावले.

ठाण! ठाण! ठाण!

“संपलं!” निमिष म्हणाला.

“इशिता, तू वाटेकडे पळ आणि बघून ये!” उपासनाने हुकूम सोडला. “निमिष, तू माझ्याबरोबर!”

सभागृह भरलं होतं. गमबूट घातलेले लॉब्स्टरवाले, कडेवर मुलं घेतलेल्या बायका. मागच्या बाकावर बाबा, शैलजा मावशी आणि कमला आजी कौतुकाने बघायला आले होते. तेवढ्यात इशिता लालबुंद होऊन आत आली.

“पाणी आहे! पलीकडे सगळे उभे आहेत. इंग्रिड आजी हात हलवतेय!”

समोर मिस्टर ड्रू सांगत होते, “पहिला विषय, टपालाची बोट. लिटल टर्नचं कुणी आलेलं दिसत नाही. म्हणजे त्यांची काही हरकत नसावी...”

उपासनाने हात वर केला.

“सॉरी, बेटा. इथे बाहेरच्यांना बोलता येत नाही. नियम आहे.”

“पण सर, ते लोक...”

“नियम म्हणजे नियम. खाली बस.”

तिचे डोळे भरून आले. आजीने तिची बाही ओढली. “काय म्हणते तो? काहून रडतेस?”

उपासनाने भराभरा सगळं सांगितलं. आजीचा चेहरा बदलला.

“सारे आले का, हे न विचारताच सभा सुरू केली?” ती उठली. “चला रे पोट्टेहो, बाहेर!”

“आई, अगं, आपण पाहुणे...” बाबा कुजबुजले.

“तू बस. पाहुणा आहेस ना!”

बाहेर आल्यावर आजीने निमिषच्या हातातली पत्र्याची बादली घेतली. खेकडे गवतात पळाले.

“माझ्या बापाला गावात दवंडी द्यावी लागे,” ती पदर खोचत म्हणाली. “साऱ्या गावाला सभेला तो बोलवायचा. अन् सभा भरली की त्याला बसायला जागा नसायची. आमची वस्तीच गावाबाहेर. मी पुढं ग्रामपंचायतीत निवडून गेले, तेव्हा पहिला शब्द बोलले होते, वस्तीतले आल्याबिगर सभा सुरू करायची नाही. बापाला दवंडी द्यावीच लागे. आज मी माझ्या मर्जीनं देते. काठी आण!”

आणि मग टर्न आयलंडने कधी न ऐकलेला आवाज सुरू झाला.

धडाम् धम्! धडाम् धम्!

“ऐका हो ऐका! लिटल टर्नचे लोक पाण्यापाशी उभे आहेत! त्यांना सोडून सभा चालली आहे हो!”

“इंग्लिशमध्ये सांगा कुणीतरी!” निमिष ओरडला. इशिताने छाती फुगवली आणि एवढ्याशा जिवातून असा आवाज काढला, की छपरावरचे सीगल उडाले.

“एव्हरीबडी लिसन! लिटल टर्न इज स्टक! कम अँड सी!”

पुढे आजी बादली बडवत, मागे तिघं नाचत! खिडक्यांतून डोकी आली, मग दार उघडलं. “काय चाललंय?” म्हणत एकेक लॉब्स्टरवाला बाहेर पडला. झाडीचा उंचवटा ओलांडून सगळी वरात किनाऱ्यावर आली आणि जागच्या जागी थांबली.

मधे पाणी जोरात ओढत होतं. त्या ओढीत कुणी होडीसुद्धा घालत नसे. आणि पलीकडे, पाण्याच्या अगदी काठाशी, लिटल टर्नची सगळी म्हातारी माणसं रांगेत उभी होती. काठ्या टेकून, सभेसाठी ठेवणीतले कपडे घालून. सर्वांत पुढे पिवळा रेनकोट.

एका दाढीवाल्या लॉब्स्टरवाल्याने टोपी काढली. “मी सकाळपासून समुद्रावर होतो. ओहोटी अजून व्हायचीय, हे मला ठाऊक होतं. घंटा वाजली आणि मी नुसता निघालो!”

“पण माझं घड्याळ...” मिस्टर ड्रू पुटपुटले.

आता मात्र उपासना बोलली आणि तिला कुणी अडवलं नाही. “सर, तुम्ही मार्चमध्ये सगळी घड्याळं एक तास पुढे केलीत. हेही केलंत. पण समुद्र घड्याळ पुढे करत नाही. माझ्या आजीसारखाच आहे तो!”

आजीने मनगट वर करून दाखवलं. नागपूरची वेळ बघून मिस्टर ड्रू आधी गोंधळले, मग कानापर्यंत लाल झाले आणि शेवटी असे हसले की त्यांची ढेरी हलायला लागली.

“मी हे काय करून बसलो असतो!” ते हसता हसता थांबून म्हणाले. “सभा तहकूब! वाट कोरडी होईपर्यंत! कुणाची हरकत?”

कुणाचीच नव्हती. सगळे गोट्यांवर बसून राहिले. पाणी उतरलं, पहिला काळा गोटा वर आला आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या! वाट पुरती उघडली, तेव्हा तो दाढीवालाच अर्ध्यात जाऊन इंग्रिड आजीचा हात धरून तिला घेऊन आला.

सभा तिथेच झाली, किनाऱ्यावर. इंग्रिड आजी फार बोलली नाही. “मला माझ्या खिडकीतून समुद्र बघायचाय,” एवढंच म्हणाली. मिस्टर ड्रूंनी हात वर करायला सांगितले. बोट लिटल टर्नला थांबावी, यासाठी इतके हात वर गेले की मोजायची गरजच पडली नाही. चुकून शैलजा मावशीनेही हात वर केला!

“मम्मा, आपण पाहुणे!” इशिताने तिला चिमटा काढला.

मग मिस्टर ड्रू मुलांपुढे आले. “माझ्या दुकानात येऊन तुम्ही मला खरं सांगितलंत आणि मी आइस्क्रीम काढत बसलो. यापुढे काटा नाही, डोळे! पुढच्या घंटेआधी वाट कोरडी आहे का, ते बघायला पोरंच पळतील. आजची, सभा संपल्याची घंटा कोण वाजवणार?”

इशिता त्यांचं वाक्य संपायच्या आत पळाली होती.

इंग्रिड आजीने कमला आजीचे दोन्ही हात हातात घेतले. दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती. एकीने बादलीकडे बोट दाखवलं, दुसरीने खिशातून कागदात गुंडाळलेला वाफल काढला. कमला आजीने वास घेतला. “अगं बाई, वेलची!” आणि दोघीही हसत सुटल्या.

बाबा उपासनाजवळ आले. “चुकलो मी. नाक खुपसू नका म्हणालो. तू हात वर केलास, तेव्हा मी तुझ्याबरोबर उभं राहायला हवं होतं. शाब्बास, बेटा!” मग आजीकडे वळून ते म्हणाले, “आणि आई, तुझ्या घड्याळाने आज कमाल केली. आता तरी देतेस? इथली वेळ लावून देतो.”

सभागृहाची घंटा जोरजोरात वाजू लागली. आजीने मनगट पदराखाली घेतलं.

“हात लावून तर बघ!”