नावेचा डावा डोळा

उल्मार बंदरातील समस्त नावांना डोळे रंगविण्याचे काम ओरुमकडे होते. बेचाळीस वर्षांत त्याने रंगविलेला एकही डोळा खाऱ्या पाण्याने ओघळला नव्हता, आणि ही गोष्ट तो कोणी न विचारताही सांगत असे. शिंपल्याच्या चुन्याचे पांढरे, त्यावर माशाच्या तेलात खललेल्या काजळीचे बुबुळ. नावेच्या पुढच्या टोकास दोहों बाजूंना एकेक. डोळ्यांवाचून नाव पाण्यात लोटावयाची नाही, असा तेथील शिरस्ता होता.

मात्र त्या काजळीत स्वतःची नजर कालविण्यास सक्त मनाई होती. ओरुमच्या आजास ती विद्या अवगत होती. त्याच्या हयातीत अशा नजरेच्या तीन नावा भर दुपारी किनाऱ्यावर जाळण्यात आल्या. का जाळल्या, हे कोणी सांगत नसे.

त्या साली ओरुमची एकुलती एक कन्या येझा तांडेल झाली. उल्मारमध्ये स्त्रीच्या हाती सुकाणू प्रथमच आले होते. पांढरी धुनी म्हणत त्या समुद्रपट्ट्यापलीकडे मासळी अपार. परंतु त्या धुनीत धुके आठवडेच्या आठवडे बसून राही, आणि मागील साली तिकडे गेलेल्या पाच नावांची फळीदेखील परत आली नव्हती.

"बाबा, उजवा डोळा तिरळा काढलात," येझा नावेसमोर उभी राहून म्हणाली.

"तिरळी तू. आईवर गेलीस."

"म्हणजे आईनं तिरळं बघूनच तुम्हाला पसंत केलं म्हणायचं."

"जा, जेवून घे. तोंडाचा पट्टा समुद्रावर चालव."

ती गेली. ओरुमने स्वतःच्या डाव्या डोळ्यातील एक थेंब बोटावर घेतला, काजळीत कालविला आणि पापणी न लववता एका फटकाऱ्यात नावेच्या डाव्या डोळ्याचे बुबुळ भरले. हात तसूभरही कापला नाही. त्या क्षणी त्यास भय वाटले नाही; अभिमान वाटला.

दुसऱ्या दिवशी सहा नावा धुनीकडे निघाल्या. येझाची नाव पाण्यास लागताच ओरुमच्या डाव्या डोळ्यापुढील बंदर मावळले आणि तेथे हिरवे, अगदी जवळचे, धावते पाणी दिसू लागले.

सारे उल्मार क्षितिजाकडे पाहत होते. क्षितिजापलीकडे पाहणारा ओरुम एकटा होता.

तो उजवा डोळा मिटून ओसरीवर बसून राही. नवव्या दिवशी डाव्या डोळ्यात पांढरे दाटले. त्या पांढऱ्यातून एकाएकी काळा खडक पुढे आला. ओरुमने दचकून मान उजवीकडे वळविली, आणि खडक डावीकडून सरकत निघून गेला. त्यानंतर तो मान वळवी तशी नाव वळे. त्याने झोप सोडली. शेजारणी म्हणत, म्हातारा लेकीच्या काळजीने मान डोलवतो. तो मनात हसे.

सोळाव्या दिवशी दुपारी आरोळी उठली. सहांपैकी एक नाव येत होती. येझाची.

माणसांनी तिला खांद्यावर घेतले. ओरुमची छाती अंगरख्यात मावेना. "माझी पोर," तो ज्याला त्याला सांगत होता, "माझीच."

डाव्या डोळ्यात अद्याप पांढरे होते. नजर थकली असावी, असे त्याने मनाशी ठरविले.

तोच नावांची पारख करणारा दाल्विन पेटती वात घेऊन आला. "ओरुमबाबा, सहा गेल्या, एक आली. तीही तुमच्या लेकीची. राग मानू नका, बघावं लागेल."

"बघा की. मी डोळे रंगवतो, झाकत नाही."

नजर कालविलेले जिवंत बुबुळ वातीपुढे आकसते. नाव जळाली तरी चालेल, परंतु माझ्या नजरेने पोर घरी आली हे सर्वांदेखत सांगावयाचेच, असा ओरुमने निश्चय केला होता. शब्द ओठांवर तयार होते.

दाल्विनने वात डाव्या डोळ्याशी धरली. बुबुळ हलले नाही. त्याने नखाने खरवडून पाहिले.

"काजळी," तो हसून म्हणाला. "नुसती काजळी. पण हात असा की मीच फसलो."

लोक हसले. ओरुमही हसला, जरासा उशिरा. त्याने फळ्यांवरून हात फिरविला. सोळा दिवसांच्या प्रवासाचे शेवाळ नव्हते, शिंपले नव्हते. काजळीला तेलाचा ताजा वास होता.

घरी येझा कालवणाचे वाडगे घेऊन बसली. बापाच्या आवडीचे माशाचे डोके तिने नेहमीप्रमाणे स्वतःच उचलले.

"बाबा, काय बघताय असं?"

"माझी तांडेल बघतोय."

"मग दोन्ही डोळ्यांनी बघा की."

आपला डावा डोळा इथले पाहत नाही, हे ओरुमने कोणासही सांगितले नव्हते.

त्याने उजवा डोळा मिटला.

पांढरे.

मग वरून एक हात आला. मिठाने चिरलेला, रक्ताळलेला. त्यामागून नावेच्या कडेवरून उलटा झुकलेला चेहरा. येझाचा. गाल आत गेले होते. ती डोळ्यात डोळा घालून पाहत होती, आणि तिचे ओठ हलत होते. आवाज येत नव्हता. परंतु बापाला ओठ वाचता आले.

बाबा, कुठे वळू?

तिच्यामागे, पांढऱ्यातून, काळे काहीतरी पुढे येत होते.

ओरुमने मान वळवावयास घेतली.

वाडगे खाली ठेवल्याचा आवाज झाला. मागून दोन तळवे आले आणि त्यांनी त्याचे डोके घट्ट धरले. सोळा दिवस दोर ओढलेल्या त्या तळव्यांवर एकही घट्टा नव्हता.

"मान हलवू नका, बाबा," ती मायेने म्हणाली.