टोपलीखालची टाच

ही गोष्ट घडलेली आहे, आणि ती रात्रीची नाही. ज्यांना अमावास्या हवी असेल त्यांनी इथेच थांबावं.

मागच्या वर्षीचा फेब्रुवारी. साखरशेत, तालुका जव्हार. हर्षदाच्या बापाच्या दहाव्याची भर दुपार.

तिच्या बापाचं नाव बुध्या. पंच्याहत्तरी पार केलेला, भात-नाचणी पिकवणारा. उभ्या आयुष्यात त्यानं परत पायात बूट घातला नाही. लेकीच्या लग्नातही चपलांवर उभा राहिला.

'परत' म्हटलं, कारण एकदा घातला होता.

नऊ वर्षांचा असताना त्याला जव्हारच्या रस्त्यावरच्या मिशनच्या बंगल्यात शिकायला ठेवलं होतं. तिथे पेंडल नावाचा परदेशी साहेब होता. त्यानं अक्षरं शिकवली, तापाला कोयनेल दिलं. बुध्यानं हे कधी नाकारलं नाही. पण पहिल्याच दिवशी साहेबानं त्याचा सायमन केला आणि पायात बूट चढवले. टाचेला लोखंडी खिळे, घोड्याच्या नालासारखे गोलात ठोकलेले.

"फरशीवर टक् टक् वाजायचे," बुध्या सांगायचा. "कोणतं पोरगं कुठं हाय, साहेबाला बसल्या जागी कळायचं."

त्याच वर्षी माघात त्याची आई तापानं गेली. घरून निरोप आला. साहेबानं सोडलं नाही. 'तुमचं ते पिठाचं खूळ,' म्हणाला, 'सैतानाचं काम आहे.'

त्यांच्या घरात दहाव्याला मेलेल्या माणसाच्या जागेवर तांदळाचं पीठ पसरतात. वर टोपली पालथी घालतात. घर बंद करून सगळे नदीवर जातात. परतल्यावर टोपली उचलायची. पिठात पाऊल दिसलं, तर माणूस घरी येऊन गेला.

बुध्या पळाला, पण तीन दिवस उशिरा. बूट फाटकाशी काढून ठेवले आणि अनवाणी डोंगर उतरला. तोवर जमीन सारवून झाली होती.

धाकटी बहीण सरू एवढंच म्हणाली, "आयचं पाऊल दाराकडं होतं. तुला बघत होती."

सहासष्ट वर्षं हे वाक्य त्याच्या छातीत राहिलं. दवाखान्यात हर्षदाचा हात धरून त्यानं शेवटचं तेच मागितलं. "माझ्या पिठाला तू ये, पोरी. मी घरात आलो का नाय… ते बघ."

हर्षदा जव्हारला ग्रंथपाल. वाचणारी बाई. तिनं त्या मिशनचा जुना अहवाल कुठूनसा मिळवून वाचला होता. त्यात पेंडल साहेब लिहितो, 'यंदा बावीस काळे पाय आम्ही बुटांत घातले. पाय आले की आत्मेही येतील.'

बावीस पाय. अकरा मुलं असं लिहायला त्याचा हात वळला नाही.

आणि शेवटी एक ओळ. 'सायमन पळाला. जंगलाची ओढ.'

आईची ओढ हा शब्द साहेबाच्या कोशात नसावा. सात समुद्र ओलांडून दया करायला आलेला माणूस, आणि डोंगरापलीकडे मेलेली एक आई त्याला दिसली नाही.

पण हर्षदाचा सगळा तिरस्कार साहेबाच्याच वाट्याला आला, असं म्हणता येत नाही. पिठाचंही तिला हसू यायचं. उंदीर फिरतात आणि लोक रडतात, असं ती म्हणायची.

म्हणून ती चूक झाली.

बापाला चितेवर नेताना तिचा भाऊ जगन ठाण्याहून नवे काळे बूट घेऊन आला होता. तो कंपनीत कामाला. रडत रडत त्यानं ते बापाच्या पायात घातले.

सरूआत्या पुढे झाली. "काढ ते. त्याला चालत नाय."

"आत्या, जन्मभर चिखलात राहिला तो. आता तरी साहेबासारखा जाऊ दे."

सगळ्यांनी हर्षदाकडे पाहिलं. शिकलेली तीच होती.

"राहू दे," ती म्हणाली. "मेलेल्या माणसाला काय कळतंय?"

बूट तसेच जळाले.

दहाव्याला पीठ तिनंच चाळलं. टोपली तिनंच घातली. कुलूप लावून किल्ली कमरेला खोचली.

नदीवरून परतताना शेजारची फागी म्हातारी मुद्दाम बोलत होती. "बुध्यादादा येल आन् पयला मोहाची बाटली हुडकील, बघा. पीठबीठ काय नाय."

सगळे हसले. हर्षदाही हसली.

अंगणात पाय ठेवला आणि हसू थांबलं.

सकाळपासून कुडाला चिकटून बसलेल्या कोंबड्या नव्हत्या.

एकही नाही.

कुत्रं रस्त्यापलीकडे उभं होतं. अंगणात यायला तयार नव्हतं.

हर्षदानं कुलपाला हात लावला, आणि आतून आवाज आला…

टक्.

थोडं थांबून…

टक्. टक्.

तिचा हात तिथेच राहिला. आतली जमीन शेणानं सारवलेली होती. तिच्यावर काहीच वाजत नाही. हा आवाज फरशीचा होता. आणि त्या घरात फरशी नव्हती.

"उघड की," जगन म्हणाला. त्यानंही ऐकलं होतं.

दार उघडलं.

आत कोणी नाही. टोपली जशीच्या तशी. भोवतालच्या जमिनीवर पिठाचा कण नाही.

सरूआत्यानं टोपली उचलली.

पिठात दोन पावलं होती… शेजारी शेजारी.

हर्षदाच्या वितीएवढी. लहान मुलाची.

पण बोटं नव्हती.

पुढे गुळगुळीत तळवा. मागे टाच. आणि टाचेत खिळ्यांचे ठसे, नालासारखे गोलात.

दोन्ही पावलं दाराकडे निघालेली.

"उंदीर असंल…" जगन म्हणाला. कोणी त्याच्याकडे पाहिलंही नाही.

सरूआत्या खाली बसली. त्या ठशाला तिनं हात लावला नाही. "घरी आला होता," ती म्हणाली. "पण बुटं घालून दिलीत ना तुम्ही त्याला. पोरगं परत गेलं तिकडं."

'तिकडं' म्हणजे कुठे, हे हर्षदाला कळलं.

आठ दिवसांनी, सकाळी दहाच्या सुमारास, हर्षदा कामाला जाताना एसटीतून मधेच उतरली. मिशनचा बंगला कित्येक वर्षं ओसाड आहे. फाटकाला गंजलेली साखळी. भिंतीत एक पांढरा दगड, त्यावर पेंडल साहेबाचं नाव आणि खाली कोरलेलं, 'अंधारातल्यांचा मित्र'. अकरा मुलांची नावं कुठेच नाहीत. दगड महाग पडला असेल.

ती गजांना धरून उभी राहिली. ऊन चांगलं चढलं होतं.

आतून…

टक्. टक्. टक्.

खिडक्यांमागून कोणीतरी या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत चालत होतं. लहान पावलं. शिस्तीत.

हर्षदानं स्वतःच्या चपला काढल्या. का, ते तिला सांगता येत नाही. तापलेल्या मातीवर पाय ठेवले आणि गजांतून हाक मारली. सायमन म्हणून नाही, बा म्हणूनही नाही. ज्या नावानं आजीनं मारली असती, त्या नावानं.

"बुध्या… बूट काढ. घरी चल."

आवाज थांबला.

ती वाट पाहत राहिली. दोन एसट्या येऊन गेल्या. फाटक हललं नाही. पान हललं नाही. आतून पुन्हा काही वाजलं नाही.

त्यानंतर ती रोज त्याच रस्त्यानं कामाला जाते. बंगला गप्प आहे.

सरूआत्या म्हणते, सुटला तो.

हर्षदा मान डोलावते. पण रात्रंदिवस तिला एकच गोष्ट खाते. अनवाणी पावलांचा आवाज होत नाही. त्या दिवशी तो तिच्याशेजारून घराकडे गेला, की साहेबाला कळू नये म्हणून आतच पाय दाबून उभा राहिला… अजून उभा आहे…

हे तिला कोण सांगणार?