वापरात असलेली फाईल

कर्वेनगरात एका पोळीभाजी केंद्राच्या वरच्या मजल्यावर बारा माणसांचं एक ऑफिस आहे. अकरा वाजले की खालून लसणाच्या फोडणीचा वास वर येतो आणि तासभर कोणाचं कामात धड लक्ष लागत नाही. ही माणसं सिरिंज पंपाचा प्रोग्रॅम लिहितात. पेशंटच्या उशाशी दांडीला अडकवलेला छोटा डबा असतो ना, तो. डॉक्टरांनी सांगितलेलं औषध तासाला अमुक इतकं, अशा बेताने तो शरीरात सोडत राहतो. त्याचं चुकलं तर माणसाच्या जिवाशी गाठ.

शबनम बागवानचं काम सगळ्यात शेवटचं. इतरांनी लिहिलेले तुकडे गोळा करून त्यांचा एक चालता प्रोग्रॅम बांधायचा. याला ऑफिसात 'बिल्ड' म्हणत, आणि तो कोपऱ्यातल्या एका जुन्या विंडोज कॉम्प्युटरवर चाले. बिल्डची अवजारं पुष्कळ, पण काही फाईली त्या सगळ्यांत सामाईक असतात. डीएलएल म्हणतात त्यांना. चार जावांत एक पाटा-वरवंटा असावा तसं. ज्या अवजाराला गरज पडेल त्याने फाईल उघडायची, काम झालं की सोडून द्यायची.

त्यातली एक सुखदेवसरांनी लिहिली होती. तिचं नाव 'तपास'. बिल्ड संपता संपता ती पडद्यावर एक चौकट आणायची : 'हा पंप आपल्या कोणाला लावाल? नाव लिहा.' नाव लिहायचं आणि खाली 'होय' किंवा 'नाही' दाबायचं. 'होय' म्हटलं की बिल्ड पूर्ण. नाव भारदस्त असलं तरी ती बाकी काहीही तपासत नव्हती. दिलेली उत्तरं फक्त एका यादीत लिहून ठेवायची. नवी मुलं हसायची. मालक केयूर साने तर दर वेळी आपल्या कुत्र्याचं नाव लिहायचा. सर रागावले नाहीत. त्याचा कुत्र्यावर जीव आहे, चालेल, एवढंच म्हणाले.

सुखदेव वाघमारे फेब्रुवारीत गेले. हृदयाचं दुखणं, चार दिवस हॉस्पिटल, वय चोपन्न. विश्रांतवाडीहून दोन बस बदलून ते रोज नऊ वाजून दहा मिनिटांनी ऑफिसात हजर व्हायचे आणि बसण्याआधी खिशातल्या रुमालाने कीबोर्ड पुसायचे. शबनम कॉलेजातून निघाली ती थेट त्यांच्या हाताखाली आली. नऊ वर्षांत 'एवढंही येत नाही का' हे वाक्य त्यांच्या तोंडून तिने ऐकलं नाही. ते गेल्यावर त्यांचं ऑफिसचं खातं तिनेच बंद केलं, आणि त्या दिवशी जिन्यात बसून पोटभर रडली.

मे महिन्यातल्या एका सोमवारी केयूरने फर्मान काढलं. जुना कॉम्प्युटर आता निवृत्त. नवी आवृत्ती नव्या मशीनवर बांधायची आणि शुक्रवारी हॉस्पिटलांना पाठवायची. 'तपास' काढून टाकायची, कारण ऑडिटच्या माणसाला तिचा उपयोग काय, हे कोण समजावणार.

"भावना ठीक आहेत," तो म्हणाला, "पण भावनांना सर्टिफिकेट मिळत नाही."

शबनमने वाद घातला नाही. तिच्या डोक्यात वेगळंच चाललं होतं. एकोणीस तारखेला तिचं ऑपरेशन होतं, गर्भाशयातली गाठ काढायची होती. अब्बांना सांगितलं असतं तर त्यांनी अन्नपाणी सोडलं असतं, म्हणून फक्त बहिणीला, सलीमाला, ठाऊक होतं. ऑफिसात तिने गावी जायचं म्हणून रजा टाकली होती. हॉस्पिटलच्या फॉर्मवर 'सोबत येणारी व्यक्ती' हा रकाना तिने कोरा सोडला होता, कारण सलीमाला सुट्टी मिळेलच असं नव्हतं. आणि त्या हॉस्पिटलातले पंप याच ऑफिसच्या प्रोग्रॅमवर चालत होते. शुक्रवारची आवृत्ती तिथेही जाणार होती.

ती जुन्या कॉम्प्युटरशी बसली आणि 'तपास' काढायला गेली. संदेश आला : फाईल वापरात आहे, काढता येणार नाही. कॉम्प्युटर बंद करून पुन्हा चालू केला, तरी तेच. नावांची यादी उघडायला गेली, तर तीही वापरात. आता हा फोल्डर सगळ्यांचा सामाईक, तेव्हा त्यातली कोणती फाईल कोणी उघडून ठेवली आहे हे बघता येतं. तिने बघितलं.

नाव होतं सुखदेव. उघडल्याची वेळ, सकाळी नऊ दहा.

शबनम भुताखेतांवर विश्वास ठेवणाऱ्यातली नव्हती. कुठेतरी जुनं काहीतरी अडकून राहिलं असणार, असं तिने स्वतःला समजावलं. सरांचं खातं तपासलं. ते फेब्रुवारीपासून बंदच होतं. मग तिने मागची नेटवर्कची वायर उपटली. बाहेरून कोणी आत असेल तर आता नाव जायला हवं होतं. ते गेलं नाही. तिने वायर परत लावली.

तुलनेसाठी म्हणून तिने जुन्या कॉम्प्युटरवर एक बिल्ड चालवला. चौकट आली. तिने नेहमीप्रमाणे अब्बांचं नाव लिहिलं, कासिम, आणि 'होय' दाबलं. चौकट गेली आणि कोरी होऊन परत आली. असं सात वेळा झालं. आठ वर्षांत हे कधी झालं नव्हतं. नव्या मशीनवर, 'तपास'शिवाय, तोच बिल्ड अकरा मिनिटांत बिनबोभाट पार पडला.

"नव्यावर झालं ना?" केयूर म्हणाला. "मग जुन्याची श्राद्धं कशाला घालतेस?"

मंगळवारी पुन्हा तेच नाव, तीच वेळ. या खेपेला तिने फाईल कुठल्या मशीनवरून उघडली आहे तेही बघितलं. ते सरांच्या स्वतःच्या लॅपटॉपचं नाव होतं. अर्ध्या दिवसाची रजा टाकून ती विश्रांतवाडीला गेली.

सरांच्या बायकोने, प्रेमलाकाकूंनी, कोकम सरबत दिलं आणि लॅपटॉपचं विचारताच कपाटातून टॉवेलात गुंडाळलेला काढून दिला. चार्जर मार्चमध्येच मुलगी, निकिता, वाघोलीच्या हॉस्टेलवर घेऊन गेली होती. शबनमने बटण दाबून धरलं. काही झालं नाही. लॅपटॉप थंडगार होता, कडेने बारीक धूळ बसली होती.

काकूंनी का, कशाला विचारलं नाही. त्या शेवटच्या दिवसाबद्दल बोलल्या. सरांना पंप लावताना नर्स पुन्हा पुन्हा आकडे ताडून बघत होती. सर तिला म्हणाले, निर्धास्त लाव, हा आमचा आहे, जानेवारीत याच्यावर मी माझंच नाव लिहिलंय.

मग काकूंनी विचारलं, "त्यांचं काही काम राहिलंय का गं तिकडे?"

शबनमने लॅपटॉप पुन्हा होता तसा टॉवेलात गुंडाळून दिला.

परतताना बसमध्ये तिला भीतीपेक्षा लाज जास्त वाटली. यंत्र अडलं की त्याला शिव्या देऊ नयेत, ते कशावर अडलंय ते शोधावं, हे सरांनीच शिकवलं होतं. आणि दोन दिवस ती फक्त ते बंद कसं करायचं ते बघत होती.

बुधवारी ती कामाला लागली. या आवृत्तीत तेवीस बदल होते. एकेक बदल बाजूला काढायचा आणि बिल्ड चालवायचा. चौकट यायची, जायची, परत यायची. नाव लिहून लिहून बोटं दुखायला लागली. चौदावा बदल काढला तेव्हा चौकट एकदाच आली आणि गेली. तो परत घातला. चौकट परत आली.

बदल सात ओळींचा होता. वीज गेल्यावर पंपाने काय करायचं, ते इंद्रजीतने महिन्यापूर्वी नव्याने लिहिलं होतं. इंद्रजीत हुशार आणि कामसू, चाचण्या सगळ्या पास झालेल्या. तो तसं म्हणालाही. शबनम म्हणाली, आपण एकदा खरंच करून बघू.

त्यांनी टेबलावर पंप ठेवला. सिरिंजमध्ये पाणी भरलं, नळीखाली जेवणाच्या डब्यातली स्टीलची वाटी ठेवली. पडद्यावर किती औषध गेलं त्याचा आकडा चढत होता. निम्मं गेल्यावर शबनमने प्लग काढला.

पंप बॅटरीवर गेला. आकडा शून्य झाला.

पंपाला वाटत होतं, अजून काहीच दिलेलं नाही. तो सगळं औषध पहिल्यापासून देऊ लागला. वाटीत पाणी टपटपत राहिलं.

"मॅम," इंद्रजीत म्हणाला, "चाचण्यांमध्ये आपण प्लग कधी काढलाच नव्हता."

पुण्यात उन्हाळ्यात वीज किती वेळा जाते, हे काय सांगायला हवं? केयूर आला, वाटीकडे बघत उभा राहिला आणि पहिल्यांदाच त्याला टोमणा सुचला नाही. दुरुस्तीला किती वेळ लागेल, एवढंच त्याने विचारलं. 'तपास' ही आठ वर्षांपूर्वीची एवढीशी फाईल. महिन्यापूर्वीच्या त्या सात ओळी तिला कळण्याचा काही मार्गच नव्हता. हे तिघांनाही माहीत होतं.

गुरुवारी दुपारी चारला दुरुस्ती झाली. प्लग काढला, आकडा जिथल्या तिथे राहिला. शबनमने बिल्ड चालवला. चौकट आली. कासिम. होय.

चौकट गेली. तिने वाट बघितली. ती परत आली नाही.

फाईल आता कोणाच्याही वापरात नव्हती. काढायची तर क्षणात काढता आली असती. तिने 'तपास'ची प्रत नव्या मशीनवर ठेवली. ऑडिटवाल्याला मी समजावतो, केयूर म्हणाला.

मग तिने यादी उघडली. आठ वर्षांची नावं होती. आया, बायका, मुलं, अधूनमधून केयूरचा कुत्रा. प्रत्येकापुढे 'होय'. जानेवारीत, उत्तर देणारा सुखदेव, नाव सुखदेव, होय.

शेवटी या आठवड्याच्या चार ओळी होत्या; यादी वापरात असतानाची तिची स्वतःची उत्तरं उतरलीच नव्हती.

सोमवार, नऊ दहा. उत्तर देणारा सुखदेव. नाव शबनम. नाही.

मंगळवार, नऊ दहा. शबनम. नाही.

बुधवारी तेच. आज सकाळी तेच.

मग तिची स्वतःची ओळ, कासिम, होय. आणि सगळ्यात खाली आणखी एक.

एकोणीस तारीख. सुखदेव. शबनम. होय.

एकोणीस तारीख अजून यायची होती, आणि त्या तारखेबद्दल या ऑफिसात तिने कोणालाही सांगितलं नव्हतं.

फोन वाजला. हॉस्पिटलच्या काउंटरवरून पायल नावाची मुलगी बोलत होती. एकोणीसला सकाळी सहाला या, उपाशीपोटी या, असं तिने सांगितलं. मग कागद उलटल्याचा आवाज आला.

"सोबत येणारी व्यक्ती, इथे सुखदेव वाघमारे लिहिलंय. तेच येणार ना?"

शबनमने बाहेर बघितलं. खालून संध्याकाळच्या पोळ्यांचा वास यायला लागला होता.

"हो," ती म्हणाली. "कोणी लिहिलं?"

"त्यांनीच. आज सकाळी स्वतः येऊन लिहून गेले ना. मी फाईल काढेपर्यंत माझा कीबोर्डसुद्धा रुमालाने पुसून दिला त्यांनी."