फळ्यावरचा पहिला शब्द

"बंद खोलीत बोललेली गोष्ट सकाळी फळ्यावर उमटली," संचालक म्हणाले. "संध्याकाळी समिती बसतेय. बाईंनीच ती फोडली असं ठरलं, तर त्यांचं शिकवणं कायमचं बंद!"

मनोविश्लेषण शिकवणारी ती संस्था. दुसऱ्याचं मन उकलायचं, तर आधी स्वतः कोचावर आडवं पडून आपलं उकलून घ्यायचं, हा तिथला नियम. ऐकूनच दादाला घाम फुटला.

त्याच्या धाकट्या बहिणीने, छोटीने, शांतपणे विचारलं, "काय लिहिलं होतं?"

गुप्तहेर ती, मदतनीस तो. हे दादाला अजून सलायचं.

"'मुद्दाम सोडला हिने बाजारात बहिणीचा हात.' खाली थोरलीचं, म्हणजे आमच्या सर्वांत जुन्या विद्यार्थिनीचं नाव," संचालक म्हणाले. " सकाळी पहिला मीच आलो. पहिला शब्द पुसला, तोच नवी विद्यार्थिनी दारात. उरलेलं तिने वाचलं. मग मी सगळंच पुसलं."

"तो पहिला शब्द कुणाला सांगितलात?"

"आत्ता तुम्हां दोघांनाच."

विद्यार्थ्यांना कोचावर घेऊन त्यांचं मन ऐकणाऱ्या बाई आपल्या खोलीत ताठ बसल्या होत्या. "त्या खोलीतलं मी काही सांगणार नाही."

"स्वतःला वाचवायलाही नाही?"

"नाही."

नवी रडवेली झाली होती. "मला काय ठाऊक थोरलीबाईंचं गुपित? बाईंकडची सकाळची वेळ आधी त्यांची होती, या महिन्यापासून बाईंनी ती मला दिली. थोरलीबाई आता संध्याकाळी सगळ्यांत शेवटी येतात. फळ्याचं मीच त्यांना फोनवर सांगितलं. वाचलं तेवढं."

"हीच!" बाहेर येताच दादा कुजबुजला. "दाराला कान लावला असणार."

"बाईंच्या खोलीचं दार दुहेरी आहे, दादा. मघाशी तू आत खोकलास, ते मला बाहेर ऐकू आलं नाही."

थोरलीचे डोळे सुजले होते. दादाने तिला पाणी दिलं.

"बाईंखेरीज हे कुणालाच माहीत नव्हतं. आईलासुद्धा नाही," ती म्हणाली. "आणि लिहावं तरी कसं! सुरुवातच 'मुद्दाम'!"

"तुम्ही फळा पाहिलात?"

"मी आले तेव्हा कोरा होता."

संध्याकाळी समितीसमोर छोटी उभी राहिली.

"वाक्य कशाने सुरू होतं, हे संचालकांना ठाऊक होतं आणि लिहिणाऱ्याला. संचालकांनी ते आम्हां दोघांखेरीज कुणाला सांगितलं नाही. नवीने तो शब्द वाचलाच नव्हता, मग ती फोनवर कुठून सांगणार? तरी थोरलीबाई म्हणाल्या, सुरुवातच 'मुद्दाम'."

"स्वतःचीच अब्रू कोण चव्हाट्यावर मांडेल?" दादा न राहवून बोलला.

"जिला बाई वाटून घ्यायच्या नाहीत, ती. बाईंवर ठपका आला की नवीही गेली आणि सकाळची वेळही; आपल्याला नाही, तर कुणालाच नाही. काल शेवटच्या याच होत्या. बाई गेल्यावर खडू उचलायला कितीसा वेळ लागतो?"

थोरलीने मान वर केली. "सात वर्षांची होते मी. धाकटी जन्मल्यापासून आई माझ्याकडे बघेनाशी झाली, म्हणून हात सोडला. इथे कुणीतरी फक्त माझं ऐकायचं. इथेही दुसरी आणून बसवलीत!"

दादाने छोटीकडे पाहायचं टाळलं.

"समिती ठरवील ते ठरवील," बाई हळूच म्हणाल्या. "उद्या तुमची वेळ आहे. या."

थोरलीने डोळे पुसले. माफी मागेल, असं दादाला वाटलं.

"सकाळची?" तिने विचारलं.