ठोका न सोडता

बाबांचा डबल बास आमच्या झोपायच्या खोलीत कपाटाशेजारी उभा आहे. व्हायोलिनच्या घडणीचा, पण माणसापेक्षा उंच. हयातभर ते हॉटेलांच्या जॅझ बँडमध्ये तो वाजवत आले, ट्रम्पेटवाल्याच्या मागे, जिथे उजेड पोचत नाही तिथे. "बास कुणी ऐकत नाही गं," ते हसून म्हणायचे, "थांबला की मात्र सगळे वळून बघतात."

म्हणून थांबायचं नाही. बदली वादक आला की ते वाजवता वाजवताच बास त्याच्याकडे कलवायचे. त्याचं बोट तारेवर पडलं की मगच आपलं उचलायचे, आणि मागे जाऊन कडाकडा बोटं मोडायचे.

ते गेले आणि पाठोपाठ लेक झाली, दिवस भरण्याआधीच. झोपेत तिचा श्वास मध्येच अडकतो. "नजर ठेवा, मोठी होईल तसं हे जाईल," डॉक्टर म्हणाल्या. तार तुटून तिला लागायला नको, म्हणून नवऱ्याने बासच्या सगळ्या तारा काढून ठेवल्या.

एका दुपारी तिला निजवता निजवता माझाच डोळा लागला. जाग आली ती ठोक्यांनी. खोल, मऊ, जमिनीतून पलंगात आणि पलंगातून पाठीत चढणारे. पाळण्यात लेकीची छाती त्याच तालात वरखाली होत होती. बास तसाच उभा होता, तारांवाचून.

घाबरले, खोटं कशाला सांगू? पण तेव्हापासून तिचा श्वास अडकला नाही.

"तुला झोप हवीये, दुसरं काही नाही," नवरा म्हणाला.

परवा दुपारी ठोके जड झाले. दमल्यावर बाबांचे व्हायचे तसे. एक उशिरा आला. पुढचा त्याहून उशिरा.

लेकीचे ओठ निळसर पडले.

मी पाळण्याच्या कठड्यावर उजव्या हाताचं बोट टेकवलं आणि ठोका दिला. मग दुसरा.

तिने श्वास घेतला.

कपाटापाशी कुणीतरी कडाकडा बोटं मोडली.

आज सकाळी नवरा स्वयंपाकघराच्या दारात उभा राहून हसायला लागला. चाकांचा पाळणा मी ओट्याजवळच ओढून घेतला होता.

"अगं, तू डावखुरी कधी झालीस?"

"हळू बोल, झोपलीये ती," मी म्हटलं आणि डाव्या हातानेच त्याचा चहा गाळला.

उजवं बोट कठड्यावर चालू होतं. त्याला काहीच ऐकू आलं नाही.