अकरा दिवसांची साक्ष

“तूच माझ्या भावाचं हे असं करून ठेवलंस!” घरातून निघता निघता वन्सं कडाडल्या, आणि ती नेहमीसारखीच खाली मान घालून उभी राहिली... पुस्तकांची बांधणी करणारा तिचा नवरा तीन वर्षं भिंतीकडे तोंड करून पडून होता. दोन डॉक्टर झाले, औषधं बदलली, पण उतार म्हणून नव्हता. आणि खापर सगळं तिच्या माथी!

दवाखान्यात नव्या डॉक्टरीणबाईंनी त्याला तपासून बाहेर बसवलं आणि या दोघींना आत घेतलं.

“रक्त तपासून हा आजार कळत नाही, बाई. घरच्यांनी सांगितलेली हकिकत हाच आमचा आधार. यांचे उदास दिवस समजले. पण कधी अगदी उलट? झोप नको, बोलणं थांबेना, आनंद पोटात मावेना... असे दिवस?”

तिला ते दिवस आठवले.

होते ना! तो अंथरुणाला खिळण्याआधीचे अकरा दिवस! आठवड्यात चार शब्द न बोलणारा तो माणूस तेव्हा पहाटेपासून गात होता, एका दमात त्याने अख्खं स्वयंपाकघर रंगवून काढलं होतं, आणि भर बाजारात तिचा हात धरून ओळखी-अनोळखी साऱ्यांना सांगितलं होतं, “ही माझी बायको! हिच्यासारखी हीच!” नऊ वर्षांच्या कोरड्या संसारात तिच्या वाट्याला आलेलं सुख ते एवढंच... आणि सांगितलं तर तेही आजारात जमा! म्हणूनच आधीच्या दोन्ही डॉक्टरांना ती “नाही” म्हणाली होती.

दाराच्या फटीतून त्याची वाकलेली मान दिसत होती. तिच्याने पाहवेना.

“होते,” ती म्हणाली, आणि एकही दिवस हातचा न राखता तिने सारं सांगून टाकलं.

“मग हा नुसता उदासीनतेचा आजार नव्हेच,” डॉक्टरीणबाई म्हणाल्या. “हा दोन टोकांचा. याची औषधं वेगळी.”

“म्हणजे... हिच्यामुळे नव्हे?” वन्संचा आवाज कापला.

“कोणामुळेच नव्हे.”

वन्संनी तिला पोटाशी धरलं. “चुकलं गं माझं!” दोघीही हमसून हमसून रडल्या.

चार महिन्यांत तो पुन्हा कामाला बसू लागला. एका दुपारी, पानं शिवता शिवता, त्याने विचारलं, “डॉक्टरीणबाई म्हणाल्या, तू सांगितलंस म्हणून मी उठलो. मला ते दिवस धड आठवतही नाहीत गं... तेव्हा तुला काही वेडंवाकडं बोललो नाही ना मी?”

भर बाजारातले ते शब्द तिच्या ओठांपर्यंत आले.

“नाही हो... तसं काहीच बोलला नाहीत.”

“बरं झालं,” तो म्हणाला, आणि त्याने पुढचं पान शिवायला घेतलं.